आधी शून्य बघा

"शून्य बघा, ताई. आधी शून्य बघा."

काट्यावर काहीही चढवायच्या आधी अण्णा हे म्हणायचेच. गिऱ्हाईक कितीही घाईत असो, त्यानं वाकून काट्याच्या छोट्या खिडकीत बघायचं आणि "बघितलं" म्हणायचं. मगच पोत्याला हात. कुणी नुसती मान हलवली तर अण्णा अडून बसायचे. "मान नगं. तोंडानं बोला की." अशी माणसं तुमच्याही ओळखीत असतील. मला तर पहिलं वर्षभर त्यांचा नुसता वैताग यायचा.

अण्णा सांगलीच्या हळदीच्या पेठेत तोलार होते. आलेला माल तोलायचा आणि वजनाची पावती द्यायची, हे त्यांचं काम. मी पोलिसात हवालदार, ठाण्यात रायटर. साहेब सांगतील ते पंचनामे आणि जबाब कागदावर उतरवायचे, हे माझं. ठाण्याचं नाव सांगत नाही, अण्णांचंही सांगत नाही. गांजा पकडला की तो जागेवरच पंचांसमोर तोलावा लागतो, आणि काटा व तोलणारा बाहेरचा लागतो. दुसरे तोलार आमची जीप दिसली की पोत्यांमागे दडायचे. अण्णा काटा काखेत मारून जीपमध्ये येऊन बसायचे. "कुणीतरी तोलाय पायजेच की," म्हणायचे.

पहिल्यांदा ते आले ते एका पानटपरीवरच्या छाप्याला. वर्तमानपत्राच्या कागदात बांधलेल्या गांजाच्या पुड्या होत्या. अण्णांनी एकेक पुडी सोडली, गांजा ताटलीत ओतला आणि कागदांची चळत बाजूला ठेवली. साहेब म्हणाले, "अहो अण्णा, कागदासकट तोला, कागदाचं असं कितीसं वजन?"

"कितीसं बी असंल सायेब. गांजा त्याचा, कागुद छापखान्याचा."

टपरीवाला एवढा घाबरलेला, पण तोही हसला. पुढं ठाण्यात हे वाक्यच रूढ झालं. कुणी दुसऱ्याचं काम आपल्या नावावर खपवायला लागलं की आम्ही म्हणायचो, कागुद छापखान्याचा.

आमची एक शिपाई पोरगी बाळंतपणाच्या रजेवरून परत आली होती. बाळाचं वजन भरत नाही म्हणून तिचा जीव टांगणीला लागलेला. एकदा अण्णा पावतीवर सही करायला ठाण्यात आले होते, ती बाळाला घेऊन तिथंच होती, तर मी थट्टेनं म्हटलं, "अण्णा, आमचं पण एक पोतं तोला की." त्यांनी थट्टा मनावर घेतली. खांद्यावरचा टॉवेल झटकला, घडी घालून काट्यावर अंथरला आणि बटण दाबून आकडा परत शून्यावर आणला.

"टॉवेल माझा हाय. त्याचं वजन पोराच्या नावावर कशाला? हां, शून्य बघा."

त्या पोरीनं वाकून शून्य बघितलं, बाळ टॉवेलवर ठेवलं, आणि आकडा बघून तिला रडूच आलं. बाळ आधीच्यापेक्षा पाऊण किलोनं वाढलं होतं. अण्णांनी त्याचीही पावती फाडून दिली, आणि "मालाचा प्रकार" या ओळीत लिहिलं, लेकरू.

आता त्यांच्या स्वतःच्या लेकाचं सांगते, कारण त्याच्याशिवाय पुढचं कळायचं नाही. एकुलता एक, अठ्ठावीस वर्षांचा, एका वर्कशॉपमध्ये चांगला लेथ चालवायचा. गांजा ओढायला लागला, मग गोळ्यांवर गेला. नोकरी गेली. अण्णांनी दोन वेळा व्यसन सोडवायच्या केंद्रात ठेवला, दोन्ही वेळा तो बरा होऊन आला आणि चौकापर्यंत जाऊन पुन्हा बिघडला. शेवटी पोरगाच बापाला म्हणाला, "अण्णा, तुमी पेठेला जाताना भायेरनं कुलूप घालत जावा. मला रस्ता दिसला की माझं मी ऱ्हात न्हाई." तेव्हापासून अण्णा सकाळी घराला बाहेरून कुलूप घालायचे. किल्ली सदऱ्याच्या वरच्या खिशात, पावतीपुस्तकाला चिकटून. चहा पिताना मधेच त्यांचा हात खिशाकडे जायचा आणि किल्ली चाचपून परत यायचा.

"अण्णा, किती दिवस असं?" मी एकदा विचारलं.

"त्येला म्हाईत, न्हाईतर देवाला," ते म्हणाले. "मला फकस्त किल्ली म्हाईत."

आणि मग तो छापा झाला. भर दुपार होती. ओढ्याकाठच्या एका शेतावर आटपाडीकडचा एक माणूस बायकोला घेऊन रखवालीला राहिला होता. मालक पुण्यात. या गड्यानं मक्याच्या आत गांजा लावला होता आणि सकाळीच उपटून खोपटात पोती भरून ठेवली होती. तो धुतल्या तांदळासारखा होता असं मी म्हणणार नाही. माल त्याचाच होता, आणि आसपासची पोरं त्याच्याकडूनच न्यायची, हे त्यानं स्वतः कबूल केलं.

झाडं ओली होती. मुळांना ढेकळं तशीच चिकटलेली. अण्णांनी सवयीनं एक झाड उचललं आणि माती झटकायला लागले. साहेबांना ऊन सोसवत नव्हतं. ते म्हणाले, "अण्णा, हळदीचा सौदा आहे काय हा? चढवा तसंच." अण्णा झटकत राहिले. तेव्हा साहेब जवळ गेले आणि हळू आवाजात बोलले, पण मी शेजारीच लिहीत बसले होते, मला ऐकू आलं. "तुमच्या पोराचं वाटोळं असल्यांनीच केलं ना?"

अण्णांचा हात थांबला.

तो गडी हात बांधून उकिडवा बसला होता. तो अण्णांना म्हणाला, "मालक, माती तरी झटका की."

अण्णांनी त्याच्याकडे बघितलं नाही. पोतं उचललं आणि चढवलं. एक, दुसरं, तिसरं. त्या दिवशी ते "शून्य बघा" म्हणाले नाहीत. मला ते लगेच जाणवलं, आणि मी गप्प बसले. वजन भरलं बावीस किलो चारशे. साहेबांनी सांगितलं तसं मी पंचनाम्यात लिहिलं, "मुळे व माती काढून निव्वळ वजन." पंचांनी सह्या केल्या. अण्णांनी वाचलं, चष्मा पुसला, परत वाचलं आणि सही केली.

तोवर आमच्या हाताला कायम पुड्याच लागलेल्या. त्यामुळं अण्णांना वीस किलोचा कायदा ठाऊक नव्हता. दोन महिन्यांनी पेठेच्या कोपऱ्यावर चहा पिताना मी सहज सांगितलं, त्या आटपाडीवाल्याचा जामीन फेटाळला. वीसच्या वर गांजा असला की जामीन मिळणं जवळपास बंदच, आणि शिक्षा झाली तर कमीत कमी दहा वर्षं.

अण्णांनी कप खाली ठेवला. "आणि वीसच्या आत असता तर?"

"तर आज ना उद्या सुटला असता. शिक्षाही कमी झाली असती."

"मुळं छाटली असती तर अठरा बी भरला नसता, ताई." त्यांचा हात खिशाकडे गेला तो तिथंच राहिला. "त्या दिवशी मला राग हुता. मातीसंगं माझा राग बी तोलला गेला."

मी पोलिसांत तीस वर्षं काढलेली बाई. मी त्यांना शहाणपण शिकवलं. म्हटलं, आता हे कोर्टात सांगून हात दाखवून अवलक्षण कशाला करून घेता? मुद्देमाल सील झालाय. वाळून वजन घटलं तरी सरकारी वकील म्हणणार, वाळलं की घटायचंच. ते खोटंही नव्हतं. किती पाणी वाळलं आणि किती माती गळली, हे सांगणारा एकच माणूस होता आणि तो माझ्यासमोर बसला होता.

खटला दोन वर्षं रेंगाळला. दर तारखेला अण्णा इस्त्रीचा सदरा घालून हजर. घराला कुलूप, किल्ली खिशात. कधी वकील नाही, कधी न्यायाधीश रजेवर, कधी आरोपीला आणायला गाडी नाही. आरोपीची बायको कोर्टाच्या आवारात लिंबाखाली बसायची. अण्णा आपली भाकरी सोडून अर्धी तिच्यापुढं ठेवायचे. आपण कोण हे त्यांनी तिला सांगितलं नव्हतं, पण तिनं ओळखलं होतं. छाप्यात ती तिथंच उभी होती. ती भाकरी घ्यायची आणि तोंड फिरवून खायची.

"मी खरं बोललो तर असला माणूस सुटतोय," एकदा अण्णा मला म्हणाले. "न्हाई बोललो तर मी सुटत न्हाई. कुठल्या दारानं जाऊ, सांगा."

त्या कागदावर अक्षर माझं होतं.

साक्षीचा दिवस उजाडला. अण्णांची आधी, मग माझी. ज्याची साक्ष व्हायची असते त्याला आत बसता येत नाही, म्हणून मी बाहेर बाकावर होते. आत काय झालं ते कोर्टाचं काम बघणाऱ्या आमच्या हवालदारानं येऊन सांगितलं. अण्णा म्हणाले, "आकडा बरुबर हाय. पर त्यात माती हाय." सरकारी वकील उसळले. पंचनाम्यात 'माती काढून' लिहिलंय, खाली सही तुमची, वाचून केली ना? "व्हय, वाचून केली." मग खोटं कुणी लिहिलं? लिहिणाऱ्यानं?

"लिवणाऱ्याचा दोष न्हाई. काटा माझा, सही माझी."

"म्हातारा फितूर झाला," हवालदार म्हणाला. "पण तुमचं नाव नाही घेतलं, मॅडम. नशीब समजा."

मला निवृत्तीला अकरा महिने होते. पेन्शन, कर्ज, मुलीचं लग्न, सगळं एका क्षणात डोळ्यापुढं आलं. पुकारा झाला. दारात अण्णा बाहेर येत होते. मला वाट द्यायला ते बाजूला सरकले आणि म्हणाले, "ताई, पाणी पिऊन जावा. आत उकडतंय."

आरोपीच्या वकिलानं मला विचारलं, माती झटकली होती का? मुळं छाटली होती का?

मी म्हणाले, "आता आठवत नाही."

या तीन शब्दांसाठी कुणाला शिक्षा होत नाही. आम्हा पोलिसांना ते पहिल्या वर्षीच कळतं. कागद शाबूत राहिला, अण्णा खोटे ठरले. त्या गड्याला दहा वर्षं झाली. लिंबाखाली त्याची बायको रडलीसुद्धा नाही, पदर झटकून उठली आणि स्टँडच्या दिशेनं चालू लागली.

पेठेत अण्णांच्या जागी दुसरा तोलार आला. फितूर तोलाराच्या पावतीवर व्यापारी विश्वास ठेवेनात, म्हणून त्यांनीच काटा विकला असं कळलं. मला धीर गोळा करायला चार महिने लागले. मग एका सकाळी मी त्यांच्या घरी गेले. गल्लीच्या टोकाचं दोन खोल्यांचं घर. दाराला बाहेरून कुलूप. मी मागं फिरणार तेवढ्यात आतून आवाज आला.

"कोन हाय? अण्णा न्हाईत. जेलात भेटाय गेल्यात."

"कुणाला?"

"त्या आटपाडीवाल्याला. त्येच्या बायकोला दर म्हैन्याला एवढ्या लांब यायला जमत न्हाई. मग ह्येच जात्यात. तुमी कोन?"

"मी... ठाण्यात होते. रायटर."

आतून पावलं दाराशी आली. आता हा शिव्या घालणार, घालू दे, असं मला वाटलं. खरं तर त्याच आशेनं मी आले होते.

"तुमी व्हय त्या ताई," पोरगा म्हणाला. "अण्णा सांगत्यात तुमचं. म्हंत्यात, ताईंचं अक्षर लय चांगलं. काय निरोप हाय का?"

मी मान हलवली. बंद दाराला मान काय दिसणार! आतून त्यानं दोनदा विचारलं, "ताई, हाय न्हवं?" आणि मी चपला न वाजवता निघून आले.

निवृत्तीनंतर परत गेले तेव्हा कुलूप नव्हतं, कारण घरच रिकामं होतं. शेजारीण म्हणाली, बापलेक खंडाळ्याकडं गेले, पोरगा तिकडं कंपनीत लागलाय म्हणे. पत्ता तिच्याकडं नव्हता. पोरगा रस्त्यावरून चालत गेला का, की अण्णा हात धरून होते, एवढं विचारायचं माझ्या मनात होतं. विचारलं नाही.

त्या माणसाचं अपील वरच्या कोर्टात आहे. परवा मी त्याच्या वकिलाला फोन केला, खरं लिहून देऊ का विचारलं. तो म्हणाला, बाई, इतक्या उशिरा त्याचा किती उपयोग होईल सांगता येत नाही, आणि तुम्हीच अडचणीत याल, पण लिहून द्यायचं तर द्या. कोरा कागद दोन दिवस माझ्यासमोर आहे. अक्षर अजून चांगलं येतं.

मान नगं, तोंडानं बोला, म्हणायचे ना तुम्ही? मुळांना ओली माती होती, अण्णा. पोतं चढताना मी तिथंच बसले होते. मी बघितलं.