क्योटोचा एक वाडगा चहा

पाच जणांचा चहा मी एकट्याने प्यायलो आणि वर खोटं बोललो.

१९६०च्या सुमारास मी बर्लिनला पीएचडी करत होतो. क्योटोहून आलेले एक वृद्ध गृहस्थ विद्यापीठात आम्हा पाच जणांना तिथला चहाचा विधी दाखवत होते. वाडगा फिरवताना त्यांच्या बाहीचासुद्धा आवाज होत नव्हता. "थोडा प्या, कड पुसा आणि शेजाऱ्याला द्या," ते जर्मनमध्ये म्हणाले. क्योटोहून आणलेल्या डब्यातला तो शेवटचा चहा होता.

पहिला मान माझा. मी घोट घेतला; पण शेजारच्या जर्मन बाईंना माझं उष्टं कसं द्यायचं? पालकाच्या भाजीइतका दाट, कडूजहर चहा मी केवळ संस्कारांखातर तळापर्यंत संपवला.

"अहो, आणि आम्ही?" बाई म्हणाल्या.

"मला त्यांचं बोलणं कळलंच नाही," मी साळसूदपणे म्हणालो.

त्या वृद्ध गृहस्थांनी रिकाम्या वाडग्यात पाहिलं आणि ते सगळ्यांपुढे वाकले. "माझं जर्मन कच्चं आहे. चूक माझी."

दुसऱ्या दिवशी ते क्योटोला परत निघण्याआधी मी त्यांना गाठलं आणि कंबरेत वाकून म्हणालो, "तुमचं जर्मन स्वच्छ होतं. मला सगळं कळलं होतं. मला माफ करा."