फाइलीच्या आजोबांचं नाव

सकाळचे सात वाजून दहा मिनिटं. इजिप्तमधल्या महल्ला अल-कुब्रा शहरातल्या एका कापडगिरणीच्या रंगखात्यात इन्शिराह अब्दुल-मौला जुन्या संगणकासमोर बसलेली आहे. शेजारी जाड वही, काचेच्या पेल्यात काळा चहा. वहीत २०६ फाइलींची ओळख नोंदवून झाली आहे. सात राहिल्या आहेत.

या सामायिक फाइली. प्रत्येक प्रोग्रामने आपापलं सामान बाळगण्यापेक्षा एकच सामान सगळ्यांनी वापरायचं, अशी संगणकातली रीत. सोय मोठी, पण कोणती वस्तू कुणाची, हे पुढे कुणालाच सांगता येत नाही. रंगाची छटा मोजणारा प्रोग्राम एकवीस वर्षांचा. तो बनवणारी कंपनी बंद पडली, मूळ सीडी हरवली. आज दुपारी बारापर्यंत तो नव्या संगणकावर न्यायचा आहे. मुख्य कचेरीचा नियम असा, की ओळख न पटलेली फाइल पुढे जाणार नाही. प्रोग्राम चालला नाही, तर रंगखात्याची ही खोली बंद आणि नमुने अलेक्झांड्रियाला.

इन्शिराह चोपन्न वर्षांची. संगणकाचं शिक्षण नाही. बावीस वर्षं ती कामगार-नोंदणीत होती. तिथे मोहम्मद अहमद, म्हणजे अहमदचा मुलगा मोहम्मद, एकोणचाळीस होते; बापाचं नावही पुरत नसे. ती आजोबांचं विचारी. फाइलींनाही तिने तोच न्याय लावला: नाव, बनवणारा, आवृत्ती, आणि तिला हाक कोणता प्रोग्राम मारतो. वहीचे तीन भाग आहेत. संगणकाच्या मूळ प्रणालीतले ते घरचे, एखाद्या प्रोग्रामबरोबर आलेले ते पाहुणे, आणि बाकी उपरे. एकाच नावाच्या दोन निराळ्या फाइली तिला अकरा वेळा सापडल्या.

नऊ वाजता इंजिनियर वजीह आला. इथे सगळे त्याला बाशमुहंदिस, म्हणजे इंजिनियरसाहेब, म्हणतात. वही चाळून म्हणाला, "मदाम, हे सात उपरे सोडा. कुठल्याच प्रोग्रामच्या यादीत यांचं नाव नाही."

"यादीत नाही म्हणून कुणाचा नाही, असं कुठे असतं, बाशमुहंदिस? माझ्या मामाचं नाव लग्नाच्या आमंत्रणात नव्हतं. मांडवातलं भांडण त्याच्यावाचून मिटलं नाही."

रंगमिस्त्री उस्ता बयूमी खो खो हसला. "बाळा, हिच्या नादी लागू नकोस. माझ्या पेन्शनच्या कागदावर दुसऱ्याचेच आजोबा चिकटले होते, ते हिने उपटले."

"नादी लागायला वेळ कुठे आहे, उस्ता?" वजीह म्हणाला.

"एक तास द्या," इन्शिराह म्हणाली.

तिने प्रोग्राम उघडला आणि बाजूला, या क्षणी कोणत्या फाइली वापरात आहेत त्याची चालती यादी लावली. नमुना मोजला, छापला, जतन केला. सातांतली एकही हलली नाही. सव्वादहा झाले. वजीहने घड्याळाकडे बोट दाखवलं.

"उस्ता, आठवड्यातून एकदाच करता असं काही आहे?"

"शुक्रवारची सुट्टी झाली, की शनिवारी रंग मोजायच्या यंत्राखाली पांढरी फरशी ठेवतो. पांढरं म्हणजे काय, ते त्याला आठवावं म्हणून."

"आज शनिवारच समजा. ठेवा."

बयूमीने फरशी ठेवली, बटण दाबलं. यादी सरकली आणि सातांतली एक फाइल वर आली. प्रोग्राम तिला ऐनवेळीच शोधून आणत होता. लेखी नातं कुठेच नव्हतं.

वजीह पडद्यावर वाकला. "ही मागे राहिली असती तर?"

"आज सगळं चाललं असतं. शनिवारी बंद पडलं असतं. आणि तुम्ही म्हणाला असता, यंत्र म्हातारं झालं."

"म्हणालो असतो," वजीहने कबूल केलं.

तिने उपऱ्यांतली ती ओळ खोडून पाहुण्यांत लिहिली. उरलेल्या सहा कशानेच जाग्या झाल्या नाहीत. त्या जुन्या संगणकावरच राहिल्या. बाराला वीस मिनिटं असताना नव्या संगणकाने फरशी मोजली, मग गडद निळ्या कापडाचा नमुना. बयूमीने दोन्ही संगणकांचे आकडे ताडून पाहिले. शेवटच्या अंकापर्यंत सारखे.

वजीहने वहीवर सही केली. "विणकामखात्याचाही संगणक बदलायचाय, मदाम. माझे दोन इंजिनियर लावू, की तुम्ही येता?"

"मी येते. त्यांनाही पाठवा, शिकतील."

उद्या सोमवार. सव्वासात वाजता ती विणकामखात्यात असेल. तिथल्या संगणकावर सामायिक फाइली ३४१ आहेत.