सुधीरच्या हातातल्या काठ्या

काल सुधीरच्या श्रद्धांजलीचा फ्लेक्स करायला बसलो. सुधीर आमच्या रॉक बँडचा ड्रमर. त्याचा एकच बरा फोटो सापडला, तोही वाजवतानाचा. वहिनी म्हणाल्या, "भाऊजी, हातातल्या काठ्या तेवढ्या काढा. चौकात लागणार, बरं दिसत नाही."

काढल्या. रिकामी मूठ मारायला उठल्यासारखी दिसू लागली, म्हणून बोटं उघडी रंगवली. मागे माझ्या गिटारचं टोक डोकावत होतं, तेही पुसलं. आयुष्यात मी ॲनिमेशन केलं, गिटार बडवली, पोटासाठी ग्राफिक डिझाइन धरलं. मित्र गेल्यावर उपयोगी पडलं ते हे पुसणं.

ॲनिमेशनची एक खोड मात्र जात नाही. तिथे आम्ही दोन कागद भराभर आलटून पालटून बघायचो, म्हणजे चित्र हलायचं. तसेच आधीचा आणि नंतरचा, असे दोन्ही फोटो मी पडद्यावर फिरवत राहिलो. सुधीर काठ्या धरत होता, सोडत होता, पुन्हा धरत होता. किती वेळ, कोण जाणे.

मग छपाईवाल्याचा फोन आला, "साहेब, पाठवताय ना?" आणि मला उघड्या हातावर थांबावं लागलं.