सरोजवहिनींचा शेपटा

आमच्या घराचा पत्ता सांगायची एक सोपी रीत होती. हैदराबादेत बरकतपुऱ्याच्या चमनपाशी, म्हणजे तिथल्या बागेपाशी, उतरायचं आणि कुठल्याही दुकानदाराला विचारायचं, "वो लंबे बालां वाली मॅडम का घर किधर है?" दुकानदार हातातलं काम टाकून बाहेर यायचा आणि बोट दाखवायचा. तशी फाटकावर माझ्या दिवंगत सासऱ्यांची पाटी होती, 'भगवंतराव जिंतूरकर, वकील'. ती कुणी वाचत नसे.

लंबे बालांवाली मॅडम म्हणजे माझी मोठी जाऊ, सरोजवहिनी. गुडघ्यापर्यंत पोचणारा, मनगटाएवढा जाड, काळाभोर शेपटा. मी एक्क्याण्णव साली पुण्याहून धाकटी सून म्हणून या घरात आले, तेव्हा माझे केस खांद्यापर्यंत होते आणि लग्नाच्या आधीच कापलेले होते. त्यामुळे माझ्याकडून कुणी काही अपेक्षा ठेवली नाही. घराची सगळी भिस्त त्या शेपट्यावर.

भिस्त म्हणजे किती? नळाला एक दिवसाआड पाणी यायचं. रविवारी आलं, की पहिलं पिंप वहिनींच्या न्हाण्यासाठी. एकदा मी त्या पिंपातलं पाणी चादरी भिजवायला घेतलं, तर माझ्या सासूबाईंनी, माईंनी, असं पाहिलं की मी देवाच्या गडव्यातून तोंड लावून प्यायलेय की काय असं मला वाटलं. मग शिकेकाई, मग उदाची धुरी, मग गच्चीवर दोन तास केस वाळवणं. आजूबाजूच्या खिडक्यांतून बायका बघायच्या. एक तर आपल्या मुलीला घेऊन यायची, "जरा हात लावू द्या हिला," म्हणायची. वहिनी मान वाकडी करून उन्हात बसून राहायच्या. त्यांना वाचायची फार आवड, पण वाकलं की केस पुस्तकावर यायचे.

लग्नसुद्धा त्या केसांनीच जमवलेलं. भावकीत कुणाला तरी गंगावन लावलेली मुलगी दाखवून फसवलं होतं, म्हणून सासऱ्यांनी पाहण्याच्या कार्यक्रमात भर बैठकीत वेणी सोडून दाखवायला लावली. दिगंबरभाऊजी, म्हणजे वहिनींचे यजमान, प्रत्येक लग्नमुंजीत हा किस्सा रंगवून सांगायचे. "मी तर केसच पाहिले. चेहरा अंतरपाट दूर झाल्यावर पाहिला!" सगळे हसायचे. वहिनीही हसायच्या. पुढे पुढे त्या हसत नाहीत, नुसते ओठ हलवतात, हे माझ्या लक्षात आलं. भाऊजी वकील. साक्षीदार खोटं हसतोय हे त्यांना कोर्टात कळत असेल, घरात कळत नव्हतं.

शहाण्णव सालचा उन्हाळा. वहिनी हिमायतनगरच्या एका सरकारी कचेरीत हेडक्लार्क होत्या. तिथे कॉम्प्युटर आले आणि त्यांच्यापाठोपाठ सगळ्यांना फोटोचं ओळखपत्र आलं. पासपोर्ट साइजमध्ये माणूस गळ्यापर्यंतच मावतो, त्यामुळे शेपटा फोटोबाहेर राहिला. कार्डं वाटणाऱ्या यादगिरी शिपायाने वहिनींचं कार्ड उलटसुलट करून पाहिलं आणि वहिनींनाच विचारलं, "मॅडम, ये कौन है?" हा माणूस त्यांना वीस वर्षं रोज चहा आणून देत होता. सगळे खो खो हसले. कुणीतरी म्हणालं, "जडा नहीं दिखरी ना, कैसा पैचानते?" जडा म्हणजे तेलुगूत वेणी.

घरी आल्यावर वहिनींनी ते कार्ड माझ्यासमोर धरलं. "रंजना, बघ तरी. चांगला चेहरा आहे की गं!"

मी पाहिला. खरंच चांगला होता. हनुवटीवर एक बारीकशी खळी होती. पाच वर्षं मी या बाईशेजारी उभी राहून पोळ्या लाटत होते आणि ती खळी मला दिसली नव्हती. मला माझीच लाज वाटली.

"आजवर ह्याला कुणी काही म्हणालंच नाही," वहिनी म्हणाल्या. "सगळं कौतुक मागच्या मागे गेलं."

आठ दिवसांनी रात्री जेवताना त्यांनी भात कालवता कालवता जाहीर केलं, "मी केस कापणार आहे. मानेपर्यंत."

भाऊजींचा घास हातात राहिला. माझे यजमान मिलिंद यांनी माझ्याकडे पाहिलं. या घरात काहीही नवं झालं की आधी पुण्याकडे बोट जायचं. माईंनी मात्र सरळ चौकशी सुरू केली.

"का? डोकं दुखायलंय का?"

"नाही, माई."

"मग गळायलेत?"

"नाही. मला नकोयत."

"नकोयत म्हणजे काय?" माई म्हणाल्या. त्या रागावल्या नव्हत्या. त्यांना खरोखर कळलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी मी माईंसमोर मेथी निवडायला बसले. स्त्रीच्या हक्कांवर चांगलं तासाभराचं भाषण मनाशी तयार करून बसले होते. मी तोंड उघडायच्या आत माईच बोलल्या. "बाईच्या डोक्याला कात्री लागली की घरात कुणीतरी गेलेलं असतंय, रंजना. आमची आत्या सोळा वर्षांची होती. परसात न्हावी आला होता. तो केसांचा ढीग मी पाहिलाय. मी सात वर्षांची होते." मी भाषण गिळलं आणि मेथी निवडली.

भाऊजींनी आपल्या परीने तोडगा काढला. "डॉक्टरांकडून लिहून घेऊ. मानेला त्रास आहे म्हणून."

"मानेला काही त्रास नाही," वहिनी म्हणाल्या.

"अगं, पण लोकांनी विचारलं तर सांगायचं काय?"

"सांगा, तिला हवं होतं."

"असं कसं सांगणार?" भाऊजी म्हणाले आणि चष्मा पुसत बसले. सगळा मामला इथेच अडला होता. कारण मिळालं असतं तर केस कापायला कुणाचीच फारशी हरकत नव्हती. नुसतं बाईला हवं असणं हे कारण कुणाच्या पचनी पडत नव्हतं.

तोडगा निघाला तो शेजारून. शेजारच्या अप्परावांच्या पत्नी सुभद्रम्मा विरजण मागायला आल्या होत्या. त्यांनी माईंचं गाऱ्हाणं ऐकलं आणि हातच झटकला. "अय्यो, इत्ती सी बात? तिरुपती भेजो ना! नवस है बोलो." त्या स्वतः तीनदा बालाजीला केस देऊन आल्या होत्या. त्यांच्याकडे सवाष्णीने संपूर्ण मुंडण केलं तरी लोक पाया पडतात. बालाजीच्या दारी केस देऊन आलेल्या डोक्याला हैदराबादेत गुंडू म्हणतात, आणि गुंडू दिसला की लोक प्रसादाचा लाडू मागतात. बस.

माई विचारात पडल्या. तीन पिढ्या हैदराबादेत राहून बालाजी आमचाही झाला होता. देव्हाऱ्यात तुळजाभवानीच्या शेजारी बसला होता. "देवाला दिले तर गोष्ट वेगळी," त्या म्हणाल्या. नवस कशासाठी हेही त्यांनीच ठरवलं. वहिनींचा मुलगा समीर बारावीला होता, त्याला इंजिनियरिंगला प्रवेश मिळावा म्हणून. देव्हाऱ्यासमोर त्या स्वतःच बोलून मोकळ्या झाल्या. वहिनींना कुणी विचारलंही नाही.

मला तर हा तोडगा इतका आवडला, की काचीगुड्याहून रविवारच्या गाडीची तिकिटं काढायला मी स्वतः मिलिंदला पिटाळलं.

"वहिनी, सुटलात!" मी म्हटलं. "केस गेल्याशी मतलब."

"कसली सुटले?" वहिनी म्हणाल्या. "केस माझे जाणार आणि मर्जी देवाची ठरणार. आणि एका नवसाला एकदाच देतात, रंजना. परत वाढवावे लागतील. पुन्हा कापायचे म्हटलं की पुन्हा कुणाचं तरी कारण शोधा. कधी देवाचं, कधी डॉक्टरचं. माझं माझं कारण कधी चालणार?"

खरं सांगते, त्यांचं म्हणणं मला तेव्हा जरा हट्टीपणाचंच वाटलं. एवढं सरळ दार उघडलंय, तर जा की त्यातून!

शनिवारी दुपारी माईंनी चार बायकांना हळदीकुंकवाला बोलावलं. चारच्या चौदा झाल्या. सगळ्यांनी शेपट्याला शेवटचा हात लावून घेतला. कुणी मोगऱ्याचा गजरा माळला, कुणी कुंकू लावलं. एकजण डोळे पुसत म्हणाली, "केवढी भाग्याची हो तुम्ही!" वहिनी मध्ये पाटावर बसल्या होत्या. त्यांच्याशी कुणी बोलत नव्हतं. सगळ्या त्यांच्या पाठीशी बोलत होत्या.

चार वाजता त्या उठल्या, आत आल्या आणि मला म्हणाल्या, "रंजना, चप्पल घाल."

आम्ही ऑटो करून हिमायतनगरला गेलो. त्या वर्षा-दोन वर्षांत तिथे दर दोन दुकानांआड एक ब्यूटी पार्लर निघालं होतं. वहिनी पहिल्या दिसलेल्या पार्लरात शिरल्या. खुर्चीपाशी उभ्या असलेल्या मुलीने शेपटा हातात घेतला आणि कात्री खाली ठेवली.

"आंटी, मन्नत है क्या?"

"नै."

"बीमारी-गिमारी?"

"नै, अम्मा."

"फिर कायकू?"

"मेरेकू होना, इसलिए." मला हवंय, म्हणून.

मुलगी माझ्याकडे बघायला लागली. मीही खुर्चीत बसलेल्या वहिनींकडेच पाहिलं. "घर में बोलके आए?" तिने विचारलं. "बोली. सबको मालूम है," वहिनी म्हणाल्या, आणि त्यात एक अक्षरही खोटं नव्हतं.

शेपटा एका दमात कापला जाईना. कात्री चार ठिकाणी अडली. मी डोळे मिटून घेतले होते, भित्री कुठली. उघडले तेव्हा गजऱ्यासकट शेपटा टेबलावर पडला होता आणि वहिनी आरशात मान इकडे वळवून बघत होत्या, तिकडे वळवून बघत होत्या. मग त्या मोठ्याने हसल्या. नुसते ओठ हलवून नाही, चांगल्या दात दिसेपर्यंत. शेजारच्या खुर्चीतली बाई तोंडाला लेप लावून बसली होती, तीही उगीचच हसायला लागली.

"ये ले जाते?" मुलीने शेपट्याकडे बोट केलं.

"नक्को," वहिनी म्हणाल्या. "फेक दो."

घरी बायका गेल्या होत्या. सुभद्रम्मा तेवढ्या माईंना बश्या गोळा करू लागत होत्या. माईंनी वहिनींना पाहिलं आणि त्या खुर्चीत बसल्या.

"उद्या गाडी होती," त्या म्हणाल्या.

"म्हणून आज कापले, माई."

सुभद्रम्मांनी तरी शेवटचा प्रयत्न केला. कापलेली वेणी कुणाहाती पाठवून दिली तरी देवाला पोचते, त्या म्हणाल्या. कुठंय वेणी? टाकून दिली म्हटल्यावर त्याही उरलेल्या बश्या उचलायला लागल्या. तीन दिवस माई वहिनींशी बोलल्या नाहीत. त्या तीन दिवसांत वहिनींनी त्यांचं ताट वाढलं, औषध दिलं, पाय चेपले, पण "चुकलं" म्हणाल्या नाहीत.

राहिला नवस. "बोललाय, तो मोडता येणार नाही," माईंनी निकाल दिला. "घरातल्या कुणाचे तरी केस जायलाच पाहिजेत." सगळ्यांनी भाऊजींकडे पाहिलं. एवढ्या सगळ्या प्रकारात त्यांनी एकही ठाम वाक्य उच्चारलं नव्हतं, ते त्यांना असं भोवलं. रविवारी ते समीरला घेऊन गाडीत बसले आणि बुधवारी गुळगुळीत होऊन परतले. आधीच विरळ, देवाला फार काही मिळालं नसणार.

पुण्यात माणूस असा दिसला असता तर माई गेल्या असं समजून लोक भेटायला धावत आले असते. बरकतपुऱ्यात मात्र येईल तो लाडू मागत होता. आणि लाडू खाता खाता वहिनींकडे बघून विचारत होता, "यांना काय झालं हो?"

पुढच्या रविवारी हिम्मतराव आले. सासऱ्यांचे जुने स्नेही, वयाने माईंहून मोठे, त्यांच्या शब्दाला आमच्याकडे मान. त्यांनी भाऊजींच्या टकलावर प्रेमाने हात फिरवला. "छान! दर्शन चांगलं झालं ना?" एवढंच. मग वहिनी पाण्याचा पेला घेऊन आल्या आणि हिम्मतरावांचा चेहरा पडला. वहिनी आत गेल्यावर ते माईंकडे झुकून म्हणाले, "वहिनीसाहेब, सूनबाईंना काय झालं? टायफॉइड? का नवसाचे दिले?"

भाऊजींनी घाईघाईने तोंड उघडलं. काय सांगणार होते कोण जाणे. मी दारात उभी होते. आत वहिनींच्या हातातलं भांडं वाजायचं थांबलं. माई बराच वेळ भाऊजींच्या गुळगुळीत डोक्याकडे बघत राहिल्या.

"काही झालं नाही," त्या म्हणाल्या. "तिला कापायचे होते. तिने कापले."

"पण असं कसं..."

"असंच." माईंचा आवाज चढला. "दिग्याला विचारलंत का तुम्ही, का कापले म्हणून? लाडू घ्या अजून एक."

हिम्मतरावांनी मुकाट्याने लाडू घेतला. मी आत वळले. कात्री चालली तेव्हा हसलेल्या माझ्या जाऊबाई ओट्याला टेकून, पदर तोंडाशी धरून रडत होत्या.