भजनाला वश झालेला कर्नल

मंडळी, आज सकाळी अंगणात झालेली गंमत तुम्हाला सांगितल्याशिवाय चैन पडणार नाही.

लढाई संपली, त्यामुळे यंदा नगरच्या कॅम्पात नाताळ जोरात आहे. तिथल्या एका गोऱ्या साहेबाच्या मेजवानीसाठी मी टर्की कोंबडा वाढवलाय. मान गोऱ्या साहेबासारखी लालभडक, म्हणून त्याला आम्ही कर्नल म्हणतो. आधी अंगाला हात लावू देत नव्हता. मग मी रोज भजन म्हणत तळहातावर ज्वारी धरू लागले, हळूच छातीखाली हात घालून उचलू लागले. आता भजन ऐकलं की स्वारी आपणहून मांडीवर!

आज साहेबाचा खानसामा त्याला न्यायला आला. मी भजन धरलं, कर्नल त्याच्या काखेत निमूट बसला.

“बाई, ह्यो तर लई गरीब हाय!”

दुसऱ्या कडव्याला माझी नजर कर्नलच्या लाल मानेवर गेली. मी थांबले. कर्नलने फाडकन पंख मारून खानसाम्याचा फेटा उडवला आणि थेट कौलांवर!

“बाई, म्हना की फुडचं!”

“आठवत नाही हो,” मी म्हटलं.

बिचारा हात हलवत परत गेला.

उद्या रविवार. आमच्या चर्चमध्ये तेच भजन मला म्हणायचंय. उद्या आठवलं तर चालेल ना?