कात्रीवर चालणारं विद्यापीठ

“बोला, कुठपत्तुर आलो होतो?” असं म्हणत चाचा मोकळ्या हवेत दोनदा कात्री चालवायचे. खुर्चीतलं पोरगं घाईघाईनं मागचा धागा सांगायचं आणि पत्र्यापलीकडे माझी शिलाई मशीन थांबायची.

नळदुर्गात माझं ब्लाउज शिवायचं दुकान आणि चाचांचं सलून यांच्यामध्ये एकच पत्रा होता. पुरुषांच्या सलूनमध्ये बाईमाणूस कशाला जाईल? त्यामुळे चाचांचं विद्यापीठ मी बरीच वर्षं नुसतं ऐकलं.

ते विद्यापीठ जादूचं होतं आणि या दुनियेतलं नव्हतं. चाचांच्या म्हणण्यानुसार हायवे संपतो तिथून पुढे एक मुलूख लागतो. तिथे ढग जमिनीवर चरतात, आणि त्यांची लोकर कातरायला शिकवणारा एक अख्खा विभाग विद्यापीठात होता. विभागप्रमुख कोण, हे तुम्ही ओळखलंच असेल. कुलगुरू म्हणजे चष्मा लावणारी एक म्हातारी शेळी. ती उत्तरपत्रिका खाऊन बघायची आणि चवदार लागली तरच पास करायची. प्रवेशपरीक्षा मात्र एकच होती. कावळा येऊन तुमच्या पापण्या मोजणार आणि तोवर जागचं हलायचं नाही. आता मला सांगा, एवढं ऐकल्यावर कोणतं पोरगं खुर्चीत वळवळेल?

सगळ्यांची लाडकी विद्यार्थिनी होती बिजली. तिला काहीही गायब करायला सांगा, ते हटकून दुप्पट व्हायचं. वसतिगृहातलं करपलेलं कालवण तिनं एकदा गायब करायला घेतलं आणि सगळ्यांना दुसऱ्या दिवशीही तेच खावं लागलं. दर परीक्षेत ती नापास व्हायची. पोरांचा जीव तिच्यातच अडकलेला.

चाचांचा एक नियम होता. केस पडतील तोवरच गोष्ट. अंगावरचं फडकं झटकलं की विद्यापीठ बंद. किती विनवण्या करा, “केस वाढवून या, मग बघू.” म्हणून आमच्या गल्लीतली पोरं पंधरवड्यातच “केस डोळ्यात जायलेत” अशी तक्रार घेऊन आयांच्या मागे लागायची.

मोठी माणसंही काही कमी नव्हती. एक नवरदेव हळदीच्या आदल्या दिवशी दाढीला बसला होता. बिजलीच्या मास्तरांनी अख्खा डोंगर गायब करून दाखवला तो भाग चालला होता. “आन एका फटक्यात गायब!” म्हणताना चाचांचा वस्तरा असा काही फिरला, की नवरदेवाची अर्धी मिशी डोंगराबरोबर गेली. मी इकडे कपाळाला हात लावला. मग नवरदेव म्हणाला, “राहिलेली बी काढा आता. पर डोंगर माघारी आला का न्हाय, ते सांगा.”

मी मशीन थांबवली की पलीकडून आवाज यायचा, “ताई, ऐकायलाव व्हय?”

“न्हाय ओ चाचा, सुईत दोरा ओवायलेय.”

“लई लांब दोरा हाय तुमचा!”

मग त्यांचा हात थरथरायला लागला. आधी चहाचा पेला हिंदकळायचा, मग कात्रीही डगमगायला लागली. एका पोराच्या कानाला जरासं लागलं आणि गल्लीनं आपली पोरं स्टँडजवळच्या नव्या सलूनकडे वळवली. पत्र्यापलीकडे नुसता पंखा ऐकू यायचा. मला ते सहन होईना.

एका दुपारी मी सरळ आत गेले. चाचा रिकाम्या खुर्चीसमोर बसले होते.

“कुलूप लावतो आता, ताई.”

“गोष्ट सांगायला हात कशाला लागतो, चाचा?”

“लागतो. केस पडले न्हायत तर बिजली पुढं सरकत न्हाय. पोरगी आखरी परीक्षेला आलीया आन मलाच ती पुढं न्हेता येईना.” बोलताना त्यांचे डोळे भरून आले होते.

मी माझ्या लेकीला, गौरीला, शाळेतून आणून खुर्चीत बसवलं. “केस मी कापते. तुमी सांगा,” म्हणत ब्लाउजची कात्री काढली.

“कापडाच्या कात्रीनं? तौबा!” चाचा ताडकन उठले. मग खणातून स्वतःची कात्री काढून त्यांनी माझ्या हातात दिली. तिला त्यांनी कधी कुणाला हात लावू दिला नव्हता.

पहिल्या दिवशी गोष्ट कमी आणि आरडाओरडाच जास्त झाला. “शेळीनं चष्मा पुसला आन... कान, ताई, कान! ...आन म्हणाली, बिजली...” गौरीचे केस एका बाजूला आखूड झाले. पण ती हसत घरी गेली आणि दुसऱ्या दिवसापासून पोरं परत यायला लागली. बाई पुरुषांच्या सलूनमध्ये उभी राहते म्हणून लोक बोलले. मी बोलू दिलं. हिवाळाभर कात्री माझी चालायची आणि विद्यापीठ त्यांचं.

शेवटच्या परीक्षेत शेळीनं बिजलीला स्वतःलाच गायब करायला सांगितलं. अर्थातच दोन बिजल्या झाल्या. दोघी समोरासमोर उभ्या, दोघी म्हणतात मीच खरी. तिथे चाचांनी फडकं झटकलं.

त्याच आठवड्यात दुपारी जेवून आडवे झाले ते उठलेच नाहीत. मी फार रडले. माझ्या वडिलांच्या वेळी रडले होते तशी.

दोन महिन्यांनी शाळेतून निरोप आला की तुमच्या गल्लीतल्या पोरांचे केस फार वाढलेत. खरंच वाढले होते. एकही पोर कुठल्याच सलूनमध्ये जायला तयार नव्हतं. मी गौरीला समोर बसवलं आणि चाचांची कात्री काढली. तिनं दोन्ही हातांनी डोकं घट्ट धरलं.

“नको आई. केस पडले की गोष्ट पुढं जाती. आन चाचा तर न्हाईत. मग खऱ्या बिजलीला कोण वळखील?”

कात्री खाली ठेवली. मी तिच्या डोळ्यांवरचे केस मागे सारले, दोन पिना लावल्या आणि तिला शाळेत पाठवलं.