पावलं पुसणारे

शूरवीरांच्या डोंगरावरच्या फिल्म बघून ज्यांचा ऊर भरून येतो, त्यांनी एकदा डोकं चालवावं. वीर शिखरावर पहिलं पाऊल टाकतो म्हणे. मग ते समोरून टिपायला कॅमेरा वर कोणी नेला? देवाने?

कॅमेरा हा फिल्मवाला नेतो. बावीस वर्षं नेतोय. आधी आपण चढायचं, मग बर्फात उमटलेली आपलीच पावलं झाडूने पुसायची, आडोशाला कॅमेरा लावायचा आणि वीराला हाक मारायची. पहिल्या फिल्मच्या वेळी त्याला याचं हसू आलं होतं. आता झाडू हातात घेतला की शिसारी येते. पण धंदा स्वतःचा, डोक्यावर साहेब नाही, त्यामुळे शिव्या घालायच्या तर स्वतःलाच.

यंदाचा वीर म्हणजे ‘वाघ’. हे नाव त्याचं त्यानेच ठेवलेलं. आयत्या बिळावरचा नागोबा म्हणावं, तर नागोबाचा अपमान. दोर बांधले फिल्मवाल्याच्या मेहुण्याने, तंबू वाहिले मेहुण्याने. बायकोचा धाकटा भाऊ तो, बोलायला कमी, कामाला बैल. शिखराजवळ वाऱ्याने झाडू उडवला. त्यात वाघ दोनदा भलतीकडेच बघत वर आला, म्हणून शॉट तीनदा घ्यावा लागला, आणि तिन्ही वेळा मेहुण्याने बर्फ हातांनी सारखा केला. हातमोजे भिजले. उजव्या हाताची दोन बोटं हिमदंशाने गेली.

दवाखान्यात याने त्याला शब्द दिला, “तू फिल्ममध्ये दिसशील. गुडघ्यांवर बसून बर्फ पुसतोयस, तो शॉट घेतलाय मी.”

पैसे घालणाऱ्या कंपनीच्या माणसाने तो शॉट बघून नाक मुरडलं. “अहो, हा कोण? आम्ही ‘एकटा वाघ’ विकतोय. हा राहणार असेल तर फिल्म तुमच्याकडेच ठेवा.”

दोन वर्षं हातात दुसरं काम नव्हतं. याने मुकाट्याने शॉट काढून टाकला. जनाची नाही, तशी मनाचीही नाही.

फिल्म पाठवण्याआधी घरच्यांना दाखवायची त्याची पद्धत. मेहुणा इस्त्रीचा शर्ट घालून आला. बटणं बहिणीने लावून दिली. शॉट काढल्याचं याने दोघांनाही सांगितलं नव्हतं. फिल्म संपली तशी बायकोने नवऱ्याकडे बघून विचारलं, “हा कुठे आहे?”

उत्तर मेहुण्याने दिलं. “अगं ताई, मी दिसलो तर काम बिघडलं ना.” उरलेल्या बोटांनी त्याने पडद्यावरचा कोरा बर्फ दाखवला. “बघ, एक तरी पाऊल सापडतंय का? छान झालीय, दाजी.”

तो खरोखर खूश होता. मोरीत जाऊन याने चूळ भरली, तोंडाची कडू चव जाईना. स्वतःच्या हातांची इतकी किळस त्याला कधी वाटली नव्हती. मग त्याच हातांनी त्याने फिल्म पाठवून दिली.

बायको खाली बसून भावाच्या बुटांच्या नाड्या बांधत होती. मान वर न करता म्हणाली, “पुढच्या वेळी झाडू दोन न्या.”